एका वेळी एकच खेळाडू

वकिलांचं डोकं कसं चालतं, देव जाणे. व्हिडिओ गेमची कंपनी बुडाली, तो खेळायचा तिचा कन्सोल बाजारातून गेला, खेळाच्या तबकड्या खराब झाल्या, तरी हक्क मात्र ठणठणीत! आमच्या संग्रहालयाने तो खेळ कसाबसा वाचवला, तर हक्क विकत घेतलेल्यांनी अट घातली: प्रत एक, खुर्ची एक, एका वेळी खेळाडूही एकच. आज परवानगी संपत होती, म्हणजे प्रत पुसायची. आपण विकायचं नाही आणि दुसऱ्याला ठेवू द्यायचं नाही, असले हे लोक.

आज पुसणार हे ऐकून दुपारी एक बाई आल्या. खेळातल्या नावाड्याला त्यांच्या धाकट्या भावाचा आवाज होता. भाऊ जाऊन बरीच वर्षं झालेली. घरात फोटो ढीगभर, आवाज कुठेच नाही.

"एकदा ऐकू द्या दादा, मग काय पुसायचं ते पुसा."

मी खेळ सुरू केला. पडद्यावर आलं, 'खुर्ची भरलेली आहे'. समोर खुर्ची तर रिकामी. वायरी काढून पुन्हा लावल्या, तरी तेच. याला आजच काय धाड भरली, म्हणून कंट्रोलर उचलला तर तो कोमट होता, आत्ताच कुणी खाली ठेवावा तसा. मला ते अजिबात आवडलं नाही.

"कोण खेळतंय?" बाईंनी विचारलं.

"कोणी नाही हो. मशीन म्हातारं झालंय."

मग मी करू नये ते केलं, गुपचूप दुसरी प्रत काढली. मूळ प्रतीशी ताडून पाहिली, कणाचाही फरक नव्हता. आमच्या धंद्यात एवढं जुळलं की मूळ गेलं तरी कोणी रडत नाही. तेवढ्यात वकिलाचा फोन आला, "पुसलं का?"

"हे काय, पुसतोय," म्हणालो आणि जुन्या मशीनवर मूळ प्रत पुसायचं बटण दाबलं. वकिलाच्या तोंडाला पानं पुसल्याचा आनंद काही वेगळाच.

शेजारच्या मशीनवर नवी प्रत लगेच उघडली. नावाडी बोलला, "चला, पैलतीरी सोडतो."

"बाई, हा घ्या तुमच्या भावाचा आवाज."

बाई वळल्याच नाहीत. त्या जुन्या मशीनपुढच्या खुर्चीत बसल्या होत्या, कानाला हेडफोन लावून.

"तो इथे आहे," त्या म्हणाल्या. "गुडघ्याचं ऑपरेशन कसं झालं, विचारतोय."

"कधी झालं ऑपरेशन?"

"यंदाच."

मी जुन्या मशीनकडे धावलो. थांबवायचं बटण दाबलं, पुन्हा पुन्हा दाबलं. पुसणं थांबेना. वायर उपटायला टेबलाखाली वाकलो, नेमकी वायर सापडेना.

वरून बाईंचा आवाज आला, लहान मुलाला समजवावं तसा, "अरे, मी नाही घालवत दिवे. मी इथेच आहे, घाबरू नकोस." मग त्या मला म्हणाल्या, "तिथले दिवे एकेक विझताहेत म्हणतोय, लावा ना हो. अंधारात त्याला झोप येत नाही."