गाळलेला परिच्छेद

छापखान्यातून येणारी मुद्रितं तपासायचं काम आम्ही दोघं मिळून करतो. बायको मूळ प्रत मोठ्यानं वाचते, स्वल्पविराम-पूर्णविरामांसकट, आणि मी समोरच्या छापील कागदावर नजर ठेवतो. चूक दिसली की मी बोट वर करतो, ती थांबते. तिला एक खोड आहे. मजकूर कंटाळवाणा झाला की ती गुपचूप चार ओळी गाळते. माझं बोट वर जातं, ती "बरं बाबा, वाचते" म्हणून मागे येते. आमची बहुतेक भांडणं याच कारणावरून झाली, आणि तीही फारशी रंगली नाहीत.

दीपगृहांवरच्या एका जाडजूड पुस्तकाचं काम चालू होतं. एका सकाळी तिनं रंगकामाचा अख्खा परिच्छेद गाळला. माझं बोट हललं नाही. तिनं पुढचाही गाळला. मी आपला मान डोलावतोय.

"अहो," ती उठून माझ्यापाशी आली, "मी कुठे आहे?"

"इथेच तर आहेस."

"वाचनात कुठे आहे, विचारतेय!"

मला सांगता येईना. माझा डावा कान लहानपणापासून नावापुरताच. उजव्याला काही दिवस दडा बसला होता, आत सतत घूं घूं चाललेलं. मला वाटलं, लक्ष लागत नाही, वय झालं. दोष स्वतःकडे घेतला की मला बरं वाटतं, पुढे काही विचारावं लागत नाही.

त्याच आठवड्यात चक्कर आली. भिंत, कपाट, बायको, सगळं एकाच दिशेनं धावायला लागलं. मी टेबलाची कड घट्ट धरली आणि ओकलो. तिनं आधी मुद्रितं उचलून बाजूला ठेवली, मग मला धरलं. हे ती आजही कबूल करत नाही.

कानाची डॉक्टर तरुण होती. आतल्या कानात पाणी वाढतं, म्हणून चक्कर, म्हणून आवाज, म्हणून ऐकू कमी, असं तिचं म्हणणं. मीठ कमी केलं, गोळ्या घेतल्या. चक्कर काही पाठ सोडेना. मग तिनं वेगळा उपाय सांगितला, आणि बायकोनं तो माझ्या कानाशी तोंड आणून मोठ्यानं परत वाचल्यासारखा ऐकवला: "पडद्यातून बारीक सुईनं स्टिरॉइड कानात सोडायचं, स्वल्पविराम, आठवड्याला एकदा, स्वल्पविराम, तीन वेळा, पूर्णविराम. तुम्हाला मधुमेह आहे म्हणून पोटात देण्यापेक्षा हे बरं, पूर्णविराम. चक्कर आटोक्यात येईल, पण ऐकू येण्याबद्दल शब्द देत नाही, पूर्णविराम."

डॉक्टर आमच्याकडे बघतच राहिली.

तपासणी एकट्यानंही करता येते, दोन कागद शेजारी ठेवून. पण मग टेबलाच्या पलीकडे ती कशाला बसेल? एरवी आमच्यात फारसं बोलणं नसतं. मला सुचतच नाही. दिवसभर तिचा आवाज घरात असतो तो या कामामुळे, आणि तोच जाणार असेल तर काय करायचं, हे मी कुणाला विचारणार होतो?

पडदा आधी बधिर केला. सुई टोचल्याचं कळलं नाही, फक्त आत काहीतरी गार ओघळलं आणि खोली जराशी कलली. मग तो कान वर करून अर्धा तास पडून राहायचं. बोलायचं नाही, शक्यतो गिळायचंही नाही.

"बोलायचं नाही? यांनी?" बायकोचे ओठ मला नीट दिसत होते. "लग्नापासून तेच चाललंय!"

तिनं खुर्ची माझ्या तोंडासमोर ओढली आणि पिशवीतून दीपगृहं काढली. मला नुसती गुणगुण जाणवत होती. पानं मात्र दिसत होती, आणि ती भलतीच भराभर उलटत होती. रंगकाम आलं असणार. मला हसू आलं, पण हसायलाही बंदी होती.

दुसऱ्या सुईनंतर चक्कर थांबली. तिसरीही झाली. छापखान्याच्या मालकांनी निरोप धाडला, "सावकाश होऊ द्या, दिवे काही पळून जात नाहीत." आम्ही पुन्हा टेबलाशी बसलो. ती घसा ताणून वाचायची, मी अर्धं ऐकून आणि अर्धं अंदाजानं कागदावरून पुढे सरकायचो. घूं घूं कमी झालंय की मला तसं वाटून घ्यायचंय, हेही ठरत नव्हतं.

शेवटचं प्रकरण आलं. माझ्या कागदावर दारांच्या बिजागऱ्यांना तेल द्यायची रीत होती, आणि तिच्या तोंडी एकदम जिने झाडायची वेळ. माझं बोट वर गेलेलं मला नंतर दिसलं.

ती थांबली. "काय?"

"गाळलंस."

"कुठून?"

"बिजागऱ्यांपासून."

तिनं चष्मा काढला, पदरानं पुसला, पुन्हा लावला. "रोज एक गाळत होते," ती म्हणाली. "रोज तुमच्या बोटाकडे बघत होते. आज कुठे हललं मेलं!"

"म्हणजे मधलं सगळं परत तपासायला हवं?"

"मग? फुकट सुया टोचून घेतल्यात का?"

तिनं गठ्ठा उलटा करून पहिलं पान वर आणलं, खाकरली आणि शेजाऱ्यांनाही कळेल अशा आवाजात दीपगृहांचा उगम सुरू केला.

"अगं, जरा हळू," मी म्हणालो.