चांदणीआधीचा दिवा

तिन्हीसांजेला साउरीनच्या तळ्यावर कुणी असू नये, हे आमच्याकडे लेकरांनासुद्धा सांगावं लागत नाही. सूर्य बुडाला की काळ्या खडकावर शिंगं वाजू लागतात आणि राखणचांदणी दिसेपर्यंत थांबत नाहीत. त्या नादानं पाण्यावर असेल नसेल ते सगळं तळाशी जातं. खालचे, म्हणजे तळ्यात बुडून मेलेले, त्या वेळी वर यायला बघतात, ते जातात; आणि एखादी होडी चुकून मागे राहिली, तर तीही जाते. शिंगाला मेलं कोण नि जितं कोण, ते कळत नाही.

आणि आज दोमिराचा नवरा काहेन अजून परतला नव्हता.

थोरलं शिंग दोमिराकडं होतं. ते फुंकायचं म्हणजे तशी छाती लागते, आणि गावात ती तिच्याशिवाय कुणाची नव्हती. बाकीची शिंगं नुसती साथीला. तिची सासू ओल्वा तिला भोंगाबाई म्हणायची. "सून आणायला गेले आणि भोंगा घेऊन आले! भाजीत मीठ कमी पडलं म्हणाली, तर पलीकडच्या काठावर कळतं," असं चारचौघांत सांगायची, आणि रात्री गुपचूप तिच्याच छातीला कोमट तेल चोळायची.

दुपारनंतर धुकं उतरलं होतं. धक्क्यावर दोमिरानं शिंगकऱ्यांच्या म्होरक्याला, ओर्दककाकांना गाठलं.

"काका, आज जरा उशिरानं सुरू करू या. काहेन पाण्यावर आहे हो."

"आणि खालचे थांबतील होय तुझ्या काहेनसाठी?" ओर्दककाकांचा आवाज चिरकला. "पोरी, माझा सख्खा भाऊ असाच गेला. शिंग मीच फुंकत होतो. चल, उचल."

ओल्वा शेजारीच उभी होती. एरवी तिनं ओर्दकला शिव्यांची लाखोली वाहिली असती. आज तिनं नुसती शाल खांद्यावर ओढली आणि घराकडं चढू लागली.

शिंगं सुरू झाली. एकेक फुंकर घालताना दोमिराला वाटत होतं, आपण आपल्या हातानं नवऱ्याचं डोकं पाण्याखाली दाबतोय. तरी ती फुंकत राहिली. मग धुक्यातून, टेकडीच्या माथ्यावर, उजेडाचा एक ठिपका दिसला.

"चांदणी!" ओर्दककाकांनी शिंग खाली केलं. "सुटलो बाबांनो."

राखणचांदणी निळसर असते. दोमिराला दिसलेला हा उजेड पिवळा होता, आणि वाऱ्यानं हलत होता. टेकडीवरचं सगळ्यात वरचं घर तिचंच. चांदणी निघण्याआधी गावात कुणी दिवा लावत नाही, चुलीतला निखारासुद्धा राखेखाली झाकतात. सासूनं लेकासाठी छपरावर दिवा लावला होता, शिंगं थांबावीत म्हणून.

सांगायला तिनं तोंड उघडलं. सांगितलं तर शिंगं पुन्हा वाजणार. नाही सांगितलं तर काहेनला काठ गाठता येईल. तिनं तोंड मिटलं.

"येतेस ना?" ओर्दककाकांनी विचारलं.

"छातीत कळ आलीय. बसते जराशी."

सगळे गेले. वर गावात दारं उघडल्याचे आवाज आले, पोरं अंगणात ओरडू लागली. आणि पाण्यावर वल्हं वाजलं. चुबुक. चुबुक.

"दोमिरा, आलो गं!"

काहेनच! ती गुडघाभर पाण्यात धावली. "अरे लवकर ये, लवकर!"

"दोमिरा, आलो गं," डावीकडून हाक आली. तोच आवाज, तेच दमलेलं हसू. मग लव्हाळ्यामागून तिसरी. "दोमिरा, आलो गं."

कशीबशी ती खडकावर परतली, तर खडकाच्या कडेवर बोटं होती. पांढरी, फुगलेली, एकाला एक लागून. वर पोरं अजून खिदळत होती. तिनं शिंग उचललं.

"अगं ए भोंगाबाई!" धुक्यातून, तळ्याच्या ऐन मधून आवाज आला. "थांब! फुंकू नकोस, मी आहे गं!"

तिचा हात थबकला. पण सासू तर वर होती, दिव्यापाशी. "मेल्यांनो, तिचाही आवाज शिकलात!" ती ओरडली, आणि रागानं, भीतीनं, छातीत होतं नव्हतं ते सगळं तिनं शिंगात ओतलं. बोटं सुटली. वल्ही थांबली. बाकीचे धापा टाकत परत आले आणि त्यांनीही शिंगं लावली, ती खरी निळी चांदणी दिसेपर्यंत.

काहेन गेला, असंच धरून ती घरी चढली. दार लोटलं तर तो चुलीपाशी बसून गार पेज पीत होता.

"अशी काय बघतेस? भूत नाही मी. धुकं बघून नाव पलीकडंच बांधली आणि डोंगरानं चालत आलो. पायांचे तुकडे पडलेत नुसते."

तिनं त्याला गच्च मिठी मारली. रडली, हसली, पुन्हा रडली.

"बास गं, पेज सांडेल," तो म्हणाला. "आई कुठाय पण? छपरावर दिवा जळतोय आणि म्हातारीचा पत्ता नाही. मागच्या उताराखाली काठाला तिचं होडकं असतं ना, तेही नाही. मला शोधायला तर नाही ना गेली?"

दोमिरानं त्याला सगळं सांगितलं, धुक्यातून आलेली 'भोंगाबाई' ही हाकसुद्धा. तो उठला, आणि सकाळपर्यंत धक्क्यावर बसून राहिला.

दुसऱ्या दिवशी तिन्हीसांजेला थोरलं शिंग तिनंच उचललं. दुसरं कोण उचलणार? सूर्य बुडाला. पाणी जरासं हललं.

"भोंगाबाई," पाण्यातून हाक आली, हळू, "छातीला तेल लावलंस का गं?"

आमच्याकडे पाण्यातल्या हाकेला ओ देत नाहीत. दोमिरानं डोळे मिटले आणि शिंग फुंकलं.