कौतुक केलंस तर हात लाव

आमच्या गावच्या पुरुषांना एक ज्ञान जन्मतःच असतं: बाई आंबवणाच्या पिंपाची मालकीण झाली की आंबवण नासतं. तिने डोंगरावरून घायपाताचे गड्डे वाहून आणलेले चालतात. खड्ड्यातले दगड तापवताना धुराने तिचे डोळे सुजलेले चालतात. भाजलेले गड्डे मोगरीने कुटून तिच्या हातांना घट्टे पडलेले चालतात. नवरा पिऊन आडवा असताना भट्टीपुढे ती एकटी बसलेली तर फारच चालते. फक्त त्या घायपाताच्या दारूला 'हे माझं मेस्काल' असं तिने म्हटलेलं चालत नाही. आणि गावाचं नाव काय, तर सांता इनेस. संतच बाई. तिच्या सणाचं मेस्काल मात्र बाईच्या हातचं नको.

यंदा ते मेस्काल गाळायचा मान प्रिस्काला मिळाला. प्रिस्का माझी कोमाद्रे; तिच्या लेकीच्या बाप्तिस्म्याला मी धर्ममाता म्हणून उभी राहिले, तेव्हापासून आम्ही एकमेकींना तेच म्हणतो. नवरा गेल्यावर तिने त्याची मातीच्या मडक्यांत मेस्काल गाळायची भट्टी विकली नाही. विकून टाक, विकून टाक म्हणून गावाचं तोंड दुखलं. सणाचा खर्च उचलणारा मानकरी तिच्याकडे गेला तो स्वतःच्या अकलेने नाही, बायकोने ढकलला म्हणून. पण गेला. आजवर हा मान फिदेन्सियोकाकाच्या घरात होता. आता प्रिस्काचं पिंप कधी नासतं आणि 'आम्ही म्हणत नव्हतो?' असं कधी म्हणता येतं, एवढ्याचीच सगळे वाट बघत होते. ते नासलं असतं तर तिचा मान जाणारच होता. पुढे गावातल्या कुठल्याच बाईला पुन्हा कुणी विचारलं नसतं.

माझ्याकडे जुनी पिकअप आहे. मेस्काल शिकायला येणाऱ्यांना मी घरगुती भट्ट्यांवर फिरवते. बहुतेकांना शिकायचं नसतं, घोड्याबरोबर फोटो काढायचा असतो. पण जानेवारीत आलेला उलिसेस तसा नव्हता. राजधानीत त्याचा बार होता. विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर येईपर्यंत तो गप्प राहायचा. एवढं सुद्धा शहरातल्या माणसांना जमत नाही, म्हणून मला तो आवडला.

पहिल्यांदा त्याला फिदेन्सियोकाकाकडे नेलं. काका तोंडाचा वाईट आणि हाताचा सोन्याचा. दोन्ही लिहायलाच हवं. त्याच्याकडे गाळायला तांब्याचं भांडं आहे आणि भाजलेले गड्डे भरडायला घोड्याने ओढायचा दगड. त्याने वेळूची नळी तोंडात धरून मेस्काल ओढलं, बोटाने नळी दाबली आणि धार उंचावरून तुंब्याच्या वाटीत सोडली. वाटीत बुडबुड्यांचे मोती उठले. बारीक, सगळे एका मापाचे, कडेला गोळा होऊन टिकून राहिलेले; कसदार मेस्कालाचेच असे टिकतात. उलिसेसने श्वास रोखला.

"हे मोती लगेच फुटले असते तर?"

"तर ते मेस्काल मी तुला विकलं असतं," काका म्हणाला. "हे घरचं आहे."

सगळे हसले. मीसुद्धा.

"आता कुठे नेतेस याला, तोमासा?"

"प्रिस्काकडे."

"ने, ने. सणाआधी बघून घेऊ दे. नंतर व्हिनेगर कसं करतात ते शिकायला परत आण."

"काका, तुमच्या आईने कुटलेल्या गड्ड्यांचं मेस्काल पीत मोठे झालात. तेव्हा नाही आंबट लागलं?"

"ती कुटायची. पिंपाला हात बापाचा."

"हो ना. बाप एक हात पिंपाला आणि एक हात वाटीला लावून बसायचा, सगळं गाव बघायचं."

काका खो खो हसला. शिवी दिली तरी हसतो, म्हणून त्याच्याशी भांडायला मजा नाही.

प्रिस्काच्या अंगणात पोचलो तेव्हा ऊन चांगलं चढलं होतं. तिच्याकडे घोडा नाही, तांबं नाही. लाकडाच्या डोणीत मोगरीने कुटायचं, मातीच्या मडक्यांत उकळायचं, बस. छपराखाली एकच पिंप होतं, वर ताडाच्या पानांचा क्रूस आणि लाल मिरच्यांची माळ टांगलेली. या पिंपात डोंगरातलं रानटी घायपात होतं. ते वाढायला माणसाच्या पोराएवढा वेळ घेतं आणि मिळतं मुठीएवढं. पिंप भरात आलं होतं. चोथा वर फुगून आला होता, त्याच्या भेगांतून फेस येत होता, आणि आवाज असा, जणू आत कुणी मंद आचेवर कांदा परततंय. वास पिकल्या पेरूचा, ओल्या मातीचा, आणि आणखी कसला तरी, ज्याला नाव नाही.

उलिसेस वाकला. बराच वेळ तसाच राहिला. मग हळूच म्हणाला, "इतकं सुंदर मी काही पाहिलेलं नाही."

प्रिस्का भाकऱ्या टाकत होती. तिचा हात तव्यावर थांबला.

"हात लाव," ती म्हणाली.

आमच्याकडे कुणाच्या पोराचं कौतुक केलं तर पोराला हात लावायचा, नाहीतर पोर तापतं. वासराचं तसंच, नवरीचं तसंच, पिंपाचंही तसंच. डोळ्यांनी जे घेतलं ते हाताने परत द्यायचं. पोटचं पोर आणि पिंप यांत आमच्या बायका फरक करत नाहीत, आणि त्यांचं चुकत नाही.

"नको सेन्योरा," उलिसेस दोन पावलं मागे सरला. "माझ्या हातांना उन्हाचं क्रीम लावलंय. आंबवण बिघडेल."

शहाणपणाचंच बोलला बिचारा. प्रिस्काने माझ्याकडे पाहिलं, मी खांदे उडवले. पाहुण्याच्या मानगुटीला धरून हात बुडवायचा का? जेवलो, राजम्याची आमटी आणि भाजलेले नाकतोडे. उलिसेसने खूप विचारलं, प्रिस्काने थोडं सांगितलं, आणि आम्ही निघालो.

दुसऱ्या दिवशी सकाळी तिने निरोप धाडला. मी गेले तर पिंप मुकं. चोथा खाली बसलेला, फेस नाही, आवाज नाही. प्रिस्काने रात्रीतून घोंगड्या गुंडाळल्या होत्या, चटया गुंडाळल्या होत्या, कोमट पाणी घातलं होतं.

"थंडी पडलीय, कोमाद्रे," मी म्हटलं. "उत्तरेचा वारा सुटलाय. दुसरं काही नाही."

"थंडी दर वर्षी पडते."

"मग काय म्हणणं आहे तुझं?"

"त्या पोराला घेऊन ये. चांगलं पोर आहे, मुद्दाम नाही केलं त्याने. पण आण."

"आणि तो राजधानीला गेला असेल तर?"

"तर राजधानीला जा. तुझी गाडी आहे ना? मग कशाला आहे ती?"

मी दृष्टबिष्ट मानत नाही. मानत नाही हे तिला गेली कित्येक वर्षं सांगते आहे. तरी गाडी काढली. पिंपाला टेकून उभ्या असलेल्या त्या बाईला 'यीस्ट गारठलंय' एवढंच सांगून घरी जायला माणूस नाही, दगड लागतो.

उलिसेस फिदेन्सियोकाकाकडेच सापडला, पुन्हा मोती शिकत बसलेला. मी काही न झाकता सगळं सांगितलं. उलिसेसचं तोंड उतरलं. तो उठला आणि हौदावर जाऊन राख लावून कोपरापर्यंत हात घासू लागला. त्याला काय कळलं, काय पटलं देव जाणे.

काकाला आनंद व्हायला हवा होता. मी त्या टोमण्याची वाट बघत होते, उत्तरसुद्धा तयार ठेवलं होतं.

"अगदीच बसलंय?" त्याने विचारलं.

"मढ्यासारखं. घाला आता जेवण गावाला."

त्याने वाटी खाली ठेवली. घोड्याच्या पाठीवर उगाच हात फिरवत राहिला. मला त्याचा इतका राग आला की गाडीचं दार दोनदा आपटलं.

प्रिस्काच्या अंगणात तोवर माणसं जमली होती. मानकरी, त्याची बायको, शेजारपाजारचे. मयताला येतात तसे, हात पोटावर बांधून. उलिसेस सरळ पिंपाकडे गेला, "माफ करा," असं प्रिस्काला नाही, पिंपाला म्हणाला, आणि हात आत घातला. चोथ्याखालून हळूहळू ढवळलं. सगळे कान लावून उभे.

काही झालं नाही.

मागे कुणीतरी पुटपुटलं, "बाईच्या हातचं शेवटी—"

"शेवटी काय?" मी वळले. "पुढे ये आणि मोठ्याने बोल. तुझ्या बायकोलाही ऐकू दे."

कुणी पुढे आलं नाही. प्रिस्का पिंपाकडे बघत म्हणाली, "याची नव्हती दृष्ट मग. दुसऱ्या कुणाची तरी आहे. बोलून गेला त्याची उतरली असती."

न बोलता केलेलं कौतुक सगळ्यात वाईट, हे आमच्याकडे सगळ्यांना ठाऊक आहे. पोटात ठेवलेलं. ते विषासारखं चढतं. पण न बोललेलं शोधायचं कुठे?

तेवढ्यात फाटक वाजलं. फिदेन्सियोकाका आला होता. चालत. टेकडी चढून त्याला धाप लागली होती, आणि हा माणूस चर्चमध्येसुद्धा कुरकुरत काढतो ती टोपी त्याने काढून हातात धरली होती. लोकांनी वाट दिली. सगळ्यांना वाटलं, मजा बघायला आला. मलाही. मी तोंड उघडणार इतक्यात त्याने टोपी माझ्याच हातात दिली.

"धर."

मग शर्टाची बाही वर केली. दंडापर्यंत.

"प्रिस्का," तो म्हणाला, "रविवारी मी तुझ्या भिंतीवरून पाहिलं. नासलंय का, ते बघायला थांबलो होतो." त्याचा आवाज नेहमीसारखाच खरखरीत होता. "नासलं नव्हतं. असं आंबवण मी बापानंतर कुणाच्या पिंपात पाहिलं नाही. माझ्याही नाही. घरी गेलो, कुणाला बोललो नाही. बायकोलाही नाही."

तिथे हात लावणं म्हणजे काय, हे त्याला कळत होतं, जमलेल्या प्रत्येकाला कळत होतं. पिढ्यान्‌पिढ्या ज्या घराने सणाचं मेस्काल गाळलं, त्या घराचा म्हातारा भर गावात कबूल करत होता की या बाईच्या पिंपाने त्याचा डोळा खेचला. त्याला घरी बसता आलं असतं. पिंप आपोआप मेलं असतं, मान आपोआप त्याच्याकडे परत आला असता. मी त्याच्या जागी असते तर आले असते का, मला सांगता येत नाही.

"बोललास ना आता?" प्रिस्का म्हणाली. "मग लाव हात."

त्याने लावला. नुसता बुडवला नाही. तळापर्यंत नेला, बसलेला चोथा वर उचलला, मोकळा केला, पुन्हा सोडला. आपल्या पिंपात जसं करतो तसं, मन लावून. "पलीकडच्या अंगाला गार आहे," तो म्हणाला. "घोंगड्या काढ याच्यावरच्या. छपराची ही कड उचला रे, ऊन येऊ दे. हे मुडदे उभे का आहेत?" मुडद्यांनी छपराची कड उचलली. उन्हाचा पट्टा पिंपावर पडला. काका हात आत ठेवून तसाच उभा राहिला, आणि दुसऱ्या बाजूने प्रिस्काने लाकडाला कान लावला.

किती वेळ गेला कुणी मोजला नाही. मानकऱ्याची बायको जपमाळ ओढत होती. उलिसेस तिच्याशेजारी, हातावरचा रस तसाच वाळू देत.

मग प्रिस्काने एक बोट वर केलं. चोथ्याच्या कडेला एक बुडबुडा आला आणि फुटला. मग काही नाही. मग दोन आले. आणि मग तो कांदा परतल्याचा आवाज, आधी इतका बारीक की मला वाटलं आपल्या कानांचाच भास.

उन्हामुळे झालं. ढवळल्यामुळे झालं. मी अजूनही तेच म्हणते. पण ते ढवळायला आणि ऊन आणायला एका गर्विष्ठ म्हाताऱ्याला टेकडी चढून यावं लागलं, हेही मी म्हणते.

"निघाला का आवाज?" काकाने विचारलं. त्याला हल्ली कमी ऐकू येतं.

"निघाला," प्रिस्का म्हणाली. तिने डोळे पुसले नाहीत; त्यांत काही नव्हतं. "काढ आता हात. सगळं मेस्काल तुझ्या दंडाला लागेल. आणि तुम्ही सगळे सरका बघू बाजूला, ऊन अडवताय माझ्या पिंपाचं."

आणि आमच्या गावचे पुरुष, हात पोटावर बांधलेले सगळे, बाजूला सरकले.