तसबिरीमागचा कागद

चूक माझीच. पण आमच्या घरातल्या कुणीही हेच केलं असतं, असं मी अजूनही म्हणते. आमच्याकडे तसबिरीच्या पाठीला जुनं कॅलेंडर, रद्दी, हाताला लागेल ते लावतात. वाळवी दिसली म्हणून मी आल्तारावरची, म्हणजे आमच्या देव्हाऱ्यावरची येशूची तसबीर उघडली, तर आत १९७४ सालच्या एका चावट मासिकाचं मुखपृष्ठ, छापलेली बाजू येशूकडे. उघडे खांदे, डोळ्यांत काजळ, बोटांत सिगारेट. मला हसू आवरेना. तसबीरवाल्याने रद्दी समजून लावलं असणार, झालं!

मी पणजीच्या एका कंपनीसाठी मालवणात घरी बसून व्हिडिओ गेमची चित्रं करते. नव्या गेममधली खलाशाची खोली त्याच सालातली. मी कागद स्कॅन केला आणि त्या खोलीच्या भिंतीवर लावला. आमचा प्रमुख निलेश खूश झाला. म्हणाला, "आत्ता कुठे खोली खरी वाटते."

गेम आज सहाला बाहेर पडणार होता. सहालाच घरी लादीन, म्हणजे वाडीतल्या सगळ्यांची आल्तारापुढची प्रार्थना. ती सांगणारी सेवरीना मावशी चारलाच आली. आईची थोरली बहीण, वय पंचाहत्तर. अर्ध्या गावाला धर्मशिक्षण तिनेच दिलंय. माझ्या मागे उभी राहून ती संगणकावरच्या खलाशाच्या खोलीकडे बघत राहिली.

"ह्यो कागद तुका खंय गावलो गो?"

"तसबिरीत."

तिने माझ्या खुर्चीची पाठ घट्ट धरली. तिची करंगळी लहानपणापासून वाकडी. चित्रातल्या बाईची सिगारेटजवळची करंगळीही तशीच वाकडी होती.

"चोवीस वर्सांची होतंय, मुंबैत टायपिंग करी होतंय," मावशी म्हणाली. "एकदाच फोटो काढूक दिलंय. देवाची तसबीर कोण उघडतलो, म्हणान थंय ठेवलंय. आता सगळे बघतले?"

मी निलेशला फोन लावून ते चित्र काढायला सांगितलं.

"पन्नास वर्षांपूर्वीची अनोळखी बाई. कोण विचारतंय?"

"मी विचारतेय! तो चेहरा माझा नव्हता, मी चोरला."

"सहाच्या आत दुसरं चित्र आलं तर बघू. नाहीतर हेच जाईल."

मावशी पलंगावर बसून जपमाळ ओढू लागली. मी जगात कुठेच नसलेली बाई काढायला घेतली. पहिल्या प्रयत्नात नाक आईसारखं झालं. पुसलं. स्वतःचा राग राग येत होता. साडेपाचला अंगणात चपला वाजू लागल्या. पावणेसहाला चित्र झालं, पाठवायला लावलं, आणि आमचं नेटवर्क नेहमीप्रमाणे मेलं.

"सेवरीनाबाय, सुरू करूया?" बाहेरून शेजारच्या क्रिस्टीनाने हाक मारली.

"इलंय!" मावशी म्हणाली, पण जागची हलली नाही.

सहाला तीन मिनिटं असताना चित्र पोचलं. निलेशने लिहिलं, 'बदललं.' मी स्कॅनही पुसून टाकला आणि मूळ कागद मावशीला दिला. वाटलं, आता चुलीत घालणार.

तिने तो चुण्या काढून तसबिरीत ठेवला. पूर्वीसारखाच, छापलेली बाजू येशूकडे.

"मावशी, परत तिथेच?"

"पन्नास वर्सां तोच एकटो बघता," ती खिळे दाबत म्हणाली. "तेका कधी वायट दिसाक नाय."

मग तिने तसबीर आल्तारावर टांगली आणि खणखणीत आवाजात लादीन सुरू केली.