घरात माणसं आहेत

"रेडिओ बंद करा ना, मावशी. आवाज शिरतोय," कॅमेऱ्यामागून मुलगी म्हणाली.

मावशींनी नाइलाजाने बटण फिरवलं. उभा जन्म वॉर्डात नर्स म्हणून काढून त्या आता एकट्या राहत होत्या. नर्सच्या नोकरीवर फिल्म करायची आहे, असं सांगून मुलगी आली होती. प्रत्यक्षात सकाळपासून तिने टिपलं ते काय, तर रिकामी खुर्ची, एकच उशी आणि खिडकीशी बसलेल्या मावशी. पाणी कुठे मुरतंय हे त्यांच्या लक्षात आलं होतं, पण घरी आलेल्या माणसाला ऊठ म्हणायला जीभ रेटत नव्हती.

तेवढ्यात परगावच्या थोरल्या बहिणीचा फोन आला. रेडिओ मोठ्याने लावून तिच्याशी बोलायचं, म्हणजे तिला घर भरलेलं वाटतं, हा मावशींचा रोजचा परिपाठ. आज ती सोय नव्हती.

"हो गं ताई, शेजारची बसलीये ना इथेच. गप्पा चालल्यात."

कॅमेरा चालूच होता. मावशींच्या कानांच्या पाळ्या तापल्या. मुलगी मात्र मनातून हरखली. असं दृश्य मागून मिळत नाही.

ताई म्हणाली, "गप्पा चालल्यात आणि आवाज कुणाचाच नाही? दे बरं तिला फोन."

मावशींनी फोन मुलीपुढे धरला.

"नमस्कार. मी... शेजारची," मुलगी म्हणाली.

"रोज येतेस?"

"हो. जमेल तशी."

पलीकडचा आवाज एकदम खाली आला. "तू कोण ते मला ठाऊक नाही, बाळ. तिच्याकडे कुणी येत नाही, हे मला कधीचंच कळलंय. तिला सांगू नकोस हं. लाजेने माझा फोन उचलायची बंद होईल. मला तरी दुसरं कोण आहे?"

मुलीने फोन ठेवला.

"काय म्हणाली?"

"म्हणाली, शेजार चांगला मिळालाय."

मावशी खाली बघत म्हणाल्या, "हे पुसून टाकशील? पेशंटचं अंग पुसायचं तर आम्ही आधी पडदा ओढायचो. कितीही घाई असली तरी."

मुलीला मेल्याहून मेल्यासारखं झालं. तिने त्यांच्यासमोरच सकाळपासूनचं सगळं पुसलं आणि कॅमेरा पिशवीत घातला.

मावशींनी पदर नीट केला, खुर्चीत सरळ बसल्या.

"हं, विचार आता," त्या म्हणाल्या. "नोकरीबद्दल विचारायचं होतं ना तुला?"

मुलीने नोकरीबद्दलचा एकही प्रश्न आणला नव्हता. तिला वर बघवेना.