अडतीस सेकंदांची भेट

मी संगीतकार फोल्कमार एर्लिंगर यांचं स्टॉपवॉच बोलतोय. ‘यांचं’ आपलं सवयीनं म्हटलं. त्या माणसाचा मान राखावा असं माझ्या मनात काही उरलेलं नाही.

म्युनिकला त्याच्या पियानोवर येऊन बसलो, तेव्हा तो सिम्फनी लिहिणार होता. पुढची तीस वर्षं लिहिणारच होता. तोवर पोटासाठी म्हणून सिनेमे आणि टीव्हीच्या मालिका. दिग्दर्शक सांगायचा, “विधवा बावीस सेकंद रडते.” फोल्कमार मला दाबायचा आणि बरोबर बाविसाव्या सेकंदाला व्हायोलिनं गप्प करायचा. प्रेतं, चुंबनं, ताटातूट, सगळं माझ्या काट्यावर बेतलेलं. बक्षीस घेताना मात्र छाती काढून म्हणायचा, “कलेत तडजोड नाही!”

त्याची बायको रोसविथा साठीला आली. म्हणाली, “मला दागिना नको. घड्याळ न लावता लिहिलेली एक धून दे. माझ्या एकटीची.”

आणि त्यानं मला खरंच ड्रॉवरमध्ये टाकलं! तीन आठवडे मी आतून ऐकत होतो. धून रमतगमत चालायची, मध्येच थांबायची, पुन्हा निघायची. बाहेर रोसविथाच्या हातातली इस्त्री थांबायची. मलाही त्याच्याबद्दल जरा बरं वाटू लागलं. मूर्ख मी.

मग निर्मात्याचा फोन आला. गुरांच्या डॉक्टरची नवी मालिका, शीर्षकसंगीत उद्याच हवं. ड्रॉवर उघडला. सात मिनिटांची ती धून त्यानं कापूनछाटून अडतीस सेकंदांत कोंबली.

वाढदिवसाला केक कापल्यावर त्यानं तिला पूर्ण धून वाजवून दाखवली. ती रडली. हा पठ्ठ्या खुशाल वाकून टाळ्या घेत होता.

दोन महिन्यांनी, रविवारी संध्याकाळी, दोघं टीव्हीसमोर बसले. पडद्यावर गाई आल्या आणि त्यांच्यामागून तिची धून.

“ही माझी होती ना रे?”

“अगं, आता साठ लाख लोक ऐकतायत! अभिमान वाटायला हवा तुला.”

ती उठली, पियानोवरून मला उचललं आणि स्वयंपाकघरात आणलं.

आता मी शेगडीजवळ खिळ्याला टांगलेला असतो. फोल्कमार, नवी धून लिही हवी तर, पण मला मागायला येऊ नकोस. मला काम आहे. रोज सकाळी रोसविथाचं अंडं पाच मिनिटं उकळतं, निवांत.

“आणि माझं?” तो टेबलावरून ओरडतो.

“तुला अडतीस सेकंद पुरतात,” ती म्हणते, आणि तेवढ्याच वेळात पाण्यातून काढलेलं कच्चं अंडं त्याच्यासमोर ठेवते.

ते अडतीस सेकंद मी अगदी मन लावून मोजतो.