नमस्काराचे चार सेकंद

भातसानगर एक, टोकावडे शून्य.

मित्रांनो, वरची ओळ तुम्ही वाचलेली नाही. ती चुकून लागली आहे. सामना अजून सुरू व्हायचा आहे, दोन्हीकडे शून्य आहे आणि सगळं नीट होऊ शकतं. आपण असंच धरून चालू. मी गेली कित्येक वर्षं असंच धरून चाललो आहे.

मी ऐनाच्या लाकडाचा खांब आहे. टोकावड्याजवळच्या एका वाडीत धोंडीबाईंच्या खळ्याच्या मधोमध मी उभा असायचो. भाताची मळणी सुरू झाली की बैल माझ्याभोवती फिरत आणि मी काही करत नसे. या कामाबद्दल माझी पूजा व्हायची. पहिल्या दिवशी धोंडीबाई मला शेंदूर लावायच्या, डोक्याला भाताच्या लोंब्यांची जुडी बांधायच्या आणि घरात सगळ्यांना बजावायच्या, की खांबाला पाय लागता कामा नये. लागलाच तर हाताने खांब शिवायचा, तो हात कपाळाला लावायचा, मग छातीला. त्यांचा मुलगा भगीरथ रांगायला लागल्यापासून हे करत आला. रांगणाऱ्याचा पाय कशालाही लागतो, त्यामुळे त्याचं बरंचसं बालपण नमस्कारातच गेलं.

मोठेपणी भगीरथ रस्त्याच्या कामावर रोजंदारीने खडी पसरायचा आणि उरलेल्या वेळात फुटबॉल खेळायचा. कुठल्याशा खात्यात शिपायाची एक कायम जागा खेळाडूसाठी राखलेली होती. त्यासाठी वय अठ्ठावीसच्या आत हवं होतं आणि विभागीय क्रीडा महोत्सवातल्या विजेतेपदाचं प्रमाणपत्र हवं होतं. उपविजेतेपदाची भगीरथकडे दोन होती. त्यातलं एक धोंडीबाईंनी कणगीच्या भोकावर चिकटवलं होतं, कारण कागद जाड होता. १९९८च्या जानेवारीत मुरबाडला महोत्सव भरला आणि टोकावडे अंतिम सामन्यात पोचलं, तेव्हा भगीरथला अठ्ठावीस पूर्ण व्हायला सतरा दिवस राहिले होते. पुढचा महोत्सव त्याच्या उपयोगाचा नव्हता.

सामन्याच्या सकाळी पाहुण्यांच्या मंडपाला एक खांब कमी पडला. मंडपवाल्याने गोलचा एक उपटून तिथे लावला. नंतर तो परत मागायला कोणी धजेना, कारण पाहुण्यांच्या डोक्यावरचं छप्पर काढायचं म्हणजे कोणी काढायचं. खो-खोचे दोन खांब एकावर एक ठेवून पाहिले. ते राहिले नाहीत. मग आयोजकांनी जाहीर केलं, की तीनपर्यंत चौथा खांब न मिळाल्यास दोन्ही संघांना संयुक्त उपविजेते घोषित करण्यात येईल.

भगीरथ मिळेल तो टेम्पो पकडून वाडीवर आला.

"आये, खळ्यातला खांब नेतो गो."

"लोंब्या उतरवल्या नाय अजून," धोंडीबाई म्हणाल्या. "काय करणार तिकडं त्याचं?"

"उभाच राहायचा हाय."

"मग ने. पण पाय नाय लावायचा कोणी. सगळ्यांना सांग."

भगीरथ सांगतो म्हणाला. फुटबॉलच्या मैदानावर हे नेमकं कोणाला सांगायचं, याचा त्याने विचार केला नसावा.

अशा रीतीने मी डावा गोलखांब झालो. उजव्यापेक्षा वीतभर बुटका असल्याने आडवा बांबू माझ्याकडे उतरला होता. पंचांनी बराच वेळ मान वाकडी करून पाहिलं, मग मान तशीच ठेवून "चालेल" म्हणाले.

पहिल्या अर्ध्यात माझ्या बाजूला टोकावड्याचा गोलकीपर हनुमान होता.

"भगी, तुझ्या आयेचा खांब म्हणून टेकत नाय हां," तो ओरडला. "नायतर मस्त झोप काढली असती."

"टेकून बघ. आयेला सांगतो."

"मी गोलकीपर हाय का पुजारी, ते सांग आधी."

यावर भगीरथ हसला. त्या दिवशी तो हसल्याचं एवढंच मला आठवतं.

दुसऱ्या अर्ध्यात बाजू बदलल्या आणि आता भगीरथला माझ्याकडेच गोल करायचा होता. भातसानगरची पोरं धरणाच्या वसाहतीतली, बूट घालून खेळणारी, हटत नव्हती. मिनिटं संपत होती. मी मनात चेंडूची विनवणी करत होतो, बाबा, आत जा. मधोमध जा, उजवीकडून जा, फक्त माझ्याकडे येऊ नको. मी बारीक व्हायचाही प्रयत्न केला. लाकडाला ते जमत नाही.

दोन मिनिटं उरली असताना भगीरथ डावीकडून एकटा सुटला. भातसानगरचा गोलकीपर त्याच्या पायाशी झेपावला आणि चुकला. गोल रिकामा होता. भगीरथने मारलं. चेंडू येऊन माझ्या शेंदरावर आदळला, मागे फिरला आणि गोलरेषेपासून चार हातांवर थांबला. अगदी शांत उभा राहिला. धावत्या वेगात भगीरथ माझ्यावर येऊन आपटला आणि त्याचा उजवा पाय माझ्या बुडाला लागला.

त्याला फक्त वळून चेंडूला टोचायचं होतं. एवढं काम धोंडीबाईंनीही केलं असतं.

भगीरथने वाकून मला हात लावला. तो हात कपाळाला लावला. मग छातीला.

ते त्याने ठरवून केलं नाही. त्याचं शरीर तसं करतं. मला ओरडायचं होतं, अरे, राहू दे, मी मैदानावर आहे, इथे मी कोणी नाही. चार सेकंद लागले. तेवढ्यात भातसानगरच्या एकाने धावत येऊन चेंडू लांब उडवला. आपला गोल झालाच असं समजून हनुमान मिठी मारायला मैदानाच्या मध्यापर्यंत आला होता. चेंडू त्याच्या डोक्यावरून गेला, टप्पे खात राहिला आणि टोकावड्याच्या मोकळ्या गोलात शिरला. मी समोरच्या टोकाला उभा राहून तो पाहत होतो.

संध्याकाळी भगीरथने मला उपटलं, खांद्यावर घेतलं आणि आम्ही एसटीने टोकावड्याला आणि तिथून वाडीवर आलो. उपविजेतेपदाचं तिसरं प्रमाणपत्र त्याच्या खिशात घडी होऊन बसलं होतं. धोंडीबाई दारात होत्या.

"पाय लागला का कोणाचा?"

"लागला. माझाच."

"मग?"

"नमस्कार केला."

"बरं केलंस," त्या म्हणाल्या आणि माझ्या लोंब्या सारख्या करू लागल्या. सामन्याचं त्यांनी विचारलं नाही. भगीरथनेही सांगितलं नाही.

पुढे काही वर्षांनी मळणीचं यंत्र आलं. मी गोठ्याच्या भिंतीला आडवा पडलो. भगीरथ अजून खडी पसरतो आणि येता-जाता चुकून पाय लागला तर अजून नमस्कार करतो. मित्रांनो, जुन्या वस्तूंची काळजी घ्या, मान राखा, असं मी इथे सांगावं अशी अपेक्षा असते. माझा मान राखला, म्हणून तर हे झालं. तेव्हा मी फक्त अर्ज करतो.

प्रति,
मा. अध्यक्ष, क्रीडा महोत्सव समिती (विसर्जित), मुरबाड.

विषय : चार सेकंद परत मिळणेबाबत.

महोदय,
उपरोक्त अंतिम सामन्यात प्रमुख पाहुण्यांच्या आगमनाप्रीत्यर्थ वाया गेलेली सहा मिनिटे भरून देण्यात आली होती. त्याच धर्तीवर नमस्कारात गेलेले चार सेकंद श्री. भगीरथ यांस परत देण्यात यावेत. चेंडू गोलरेषेपासून चार हातांवर, होता तसा ठेवण्यात यावा. श्री. भगीरथ यांचे वय त्या दिवशीचे धरण्यात यावे.

पाय लागल्यास खांबाची हरकत नाही.